दोनशे चाळीस हप्त्यांचं घर

दारव्हा रस्त्यानं यवतमाळ जिल्ह्यातल्या दिग्रसमध्ये शिरलं की गाव सुरू होण्याआधी लेआउट सुरू होतात. काळ्या मातीत रोवलेले सिमेंटचे खुंटे, मुरमाचे अर्धवट रस्ते, आणि ‘एनए प्लॉट, लोनची सोय’ असं लिहिलेले फलक. दोन-चार वर्षांपूर्वी इथं कपाशी उभी असायची. आता मधूनमधून डुप्लेक्स उभे आहेत, एकाला लागून एक, पिवळ्या नाहीतर मोरपंखी रंगाचे.

त्यातल्याच एका घरात मी बसले होते. सर शिक्षक, वय अडतीस. ताई घरीच शिवणकाम करतात. मुलगी पहिलीत. २०२५ च्या जानेवारीत त्यांनी हे घर घेतलं. ‘ऋण’ हा विषय संपादकांनी दिला तेव्हाच ठरवलं होतं की सावकाराच्या जुन्या गोष्टी सांगण्यापेक्षा आज घरोघरी चाललेलं ऋण पाहून यावं. तेच पाहायला मी इथं आले होते.

“घर कितीला पडलं?” मी विचारलं.

“सत्तावीस लाखाले,” सर म्हणाले. “सात आपले होते, वीस लोन.”

“सतरा हजार तीनशे छप्पन,” ताईंनी आतून सांगितलं. “पाच तारखेले कटतेच.”

दोघांचीही उत्तरं खरी होती, तरी घराची किंमत त्या दोन्हींत नव्हती. वीस वर्षांनी सगळे मिळून किती होतील, असं विचारल्यावर दोघंही एकमेकांकडे पाहू लागले. “ते आमाले कोनं सांगतलंच नाही,” ताई म्हणाल्या.

सांगितलं नव्हतं असं नाही. ते कागदावर होतं.

फाईलमधलं तिसरं पान

ताईंनी कपाटातून बँकेची फाईल काढली. १ ऑक्टोबर २०२४ पासून रिझर्व्ह बँकेनं प्रत्येक किरकोळ कर्जाबरोबर ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ देणं बंधनकारक केलं आहे. व्याज, फी, विमा सगळं धरून कर्ज वर्षाला किती टक्क्यांनी पडतं, हे त्यात एका आकड्यात सांगावं लागतं. सोबत हप्त्यांचा पूर्ण तक्ता जोडावा लागतो. हा कागद कर्जदाराला समजेल अशा भाषेत असावा, असंही नियम सांगतो. सरांच्या फाईलमधला कागद इंग्रजीत होता आणि त्यावर त्यांची सही होती. तक्ता तिसऱ्या पानापासून सुरू होत होता.

आम्ही तो जमिनीवर पसरला. २० लाख रुपये, साडेआठ टक्के, २४० महिने. पहिल्या ओळीत हप्ता १७,३५६, त्यात व्याज १४,१६७ आणि मुद्दल ३,१८९.

“म्हणजे पहिल्या महिन्यात घराचे तीनच हजार फिटले?” सरांनी विचारलं. ते गणितच शिकवतात. सहावीच्या वर्गात सरळव्याज फळ्यावर मांडणाऱ्या माणसानं स्वतःच्या कर्जाचा तक्ता उघडून पाहिला नव्हता. यात त्यांचा दोष मला दिसत नाही. सहीच्या दिवशी समोर चाळीस-पन्नास पानं असतात, बाहेर विकणारा ताटकळत असतो, आणि डोक्यात फक्त लोन मंजूर झालं एवढंच असतं.

पुढच्या ओळी त्यांनी स्वतः वाचल्या. पाच वर्षांत १० लाख ४१ हजार भरून होतील आणि तरी १७ लाख ६२ हजार बाकी राहतील. निम्मं मुद्दल फिटायला १६६ हप्ते लागतील, म्हणजे पावणेचौदा वर्षांहून जास्त. हप्त्यातला व्याजाचा वाटा मुद्दलापेक्षा पहिल्यांदा कमी होईल तो १४३व्या हप्त्याला. बोटांवर मोजून सरांनी महिना काढला, डिसेंबर २०३६. तेव्हा पहिलीतली मुलगी बारावीत असेल. शेवटचा हप्ता जानेवारी २०४५ मध्ये, सर अठ्ठावन्न वर्षांचे असताना.

एकूण बेरीज ४१ लाख ६५ हजार. त्यात व्याज २१ लाख ६५ हजार, मुद्दलापेक्षाही जास्त.

दिग्रसमध्ये रुपयांपेक्षा कापसात हिशेब लवकर कळतो. २०२५-२६ च्या हंगामासाठी लांब धाग्याच्या कापसाचा हमीभाव क्विंटलला ८,११० रुपये होता. त्या भावानं नुसतं व्याज फेडायला २६७ क्विंटल कापूस लागेल. कोरडवाहू एकरात पाच-सहा क्विंटल निघाला की समाधान मानणारा हा मुलूख. पंचेचाळीस-पन्नास एकरांचं एका वर्षाचं पीक, खत-फवारणी-वेचणीचा खर्च न धरता, फक्त व्याजात जाईल. हे ऐकून सरांचे वडील ओसरीवरून उठून आत आले. त्यांची तीन एकर जमीन आहे. ते काही बोलले नाहीत. तक्त्यावर एकदा हात फिरवून परत जाऊन बसले.

दामदुपट

बाजारात एका जिनिंगच्या जुन्या मुनीमजींना भेटले. कापसाच्या गाड्यांचे काटे आणि शेतकऱ्यांचे चुकारे लिहिण्यात त्यांचा जन्म गेला. मी आकडे सांगितले तेव्हा ते पटकन म्हणाले, “हे तर दामदुपटीच्याही वर गेलं, बाई.”

हा शब्द आता फारसा कानावर येत नाही. थकलेलं व्याज मुद्दलाच्या वर जाऊ द्यायचं नाही, घेतलेल्याच्या दुपटीहून जास्त एका वेळी मागायचं नाही, असा हा नियम. तो मनुस्मृतीत आहे. इंग्रजी अमदानीत मुंबई इलाख्यातल्या आणि वऱ्हाडातल्या न्यायालयांनीही तो मानला. अशा नियमांमागं दुःखाचा इतिहास आहे. मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात शेतकऱ्यांनी सावकारांची कर्जखतं जाळली. दंगे पुणे आणि नगर जिल्ह्यांत पसरले, आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा झाला. २०१४ चा महाराष्ट्र सावकारी कायदाही त्याच वाटेवरचा आहे. अवैध सावकारानं बळकावलेली जमीन परत मिळवून देण्याचा अधिकार त्यात निबंधकाला आहे.

पण बँकेचं कर्ज त्यात बसत नाही. बँकेनं लावलेलं व्याज जाचक आहे म्हणून न्यायालयानं तो व्यवहार पुन्हा उघडू नये, अशी तरतूद बँकिंग कायद्यातच आहे. आणि खरं सांगायचं तर दामदुपट थकलेल्या व्याजाला लागते. बँक दर महिन्याला व्याज आधी वसूल करते, त्यामुळे ते कधी साठतच नाही. म्हणून बँकेला सावकार म्हणणं चूक आहे. सावकार शेकडा दोन-तीन रुपये महिना लावायचा, बँक वर्षाला आठ-नऊ टक्के लावते. तरी एकूण व्याज मुद्दलाच्या पुढं जातं, कारण दर कमी असला तरी वर्षं वीस आहेत. मुनीमजींनी ते आपल्या शब्दांत सांगितलं, “दर नाही खात माणसाले. मुदत खाते.”

या लेखासाठी महिनाभर फिरले, पण इतकं नेमकं कुणी बोललं नाही.

हेच २० लाख, हाच दर, फक्त मुदत १५ वर्षं केली तर हप्ता १९,६९५ होतो. महिन्याला २,३३८ रुपये जास्त, आणि एकूण व्याज ६ लाख २० हजारांनी कमी. उलट, ‘हप्ता जड जातोय ना, मग तीस वर्षं करा’ असं कुणी सुचवलं तर हप्ता फक्त १,९७८ रुपयांनी उतरतो आणि व्याज १३ लाख ७० हजारांनी वाढतं. हप्ता हलका करून देतो म्हणणारा माणूस नेहमी आपल्या भल्याचं बोलत असतो असं समजू नये.

प्लॉट एनए आहे का?

शिक्षकाचं कर्ज हे दिग्रसमधलं सोपं कर्ज. पगाराची स्लिप आहे, फॉर्म नंबर १६ आहे, घर मंजूर लेआउटमध्ये आहे. गावाच्या दुसऱ्या टोकाला, धावंडा नदीच्या बाजूला, एका किराणावाल्या भाऊंच्या घरी गेले तेव्हा हिशेब निराळाच निघाला.

त्यांचा प्लॉट एनए, म्हणजे अकृषिक, नाही. शेत तोडून गुंठ्यांत विकलेला, स्टँपपेपरवर सौदा झालेला. सातबाऱ्यावर पाच-सहा जणांची सामाईक नावं. गेल्या पिढीत तालुक्याच्या गावांची वाढ अशीच झाली, स्वस्त जमीन मिळाली आणि लोकांनी घरं बांधली. पण बँकेचा पॅनेलवरचा वकील सर्च रिपोर्ट काढतो तेव्हा अशा प्लॉटवर ‘निगेटिव्ह’ असं लिहून मोकळा होतो. मग माणूस कुठं जातो? अशा कागदांवरही कर्ज देणाऱ्या गृहवित्त कंपनीकडे, नाहीतर पतसंस्थेकडे.

भाऊंना १० लाख मिळाले ते १३ टक्क्यांनी, १५ वर्षांसाठी. हप्ता १२,६५२, एकूण भरणा २२ लाख ७७ हजार. तेवढंच कर्ज साडेआठ टक्क्यांनी मिळालं असतं तर १७ लाख ७२ हजारांत फिटलं असतं. मधले पाच लाख केवळ कागद कच्चा होता म्हणून गेले. प्लॉट घेताना गुंठ्यामागं वाचवलेले पैसे व्याजाच्या रूपानं परत गेले, आणि वर तेवढेच आणखी गेले.

“इन्कम टॅक्सचं रिटर्न भरत नव्हतो ना जी,” भाऊ म्हणाले. “गल्ला चालते, पन कागदावर काहीच नाही.” तालुक्याच्या बाजारपेठेतला निम्मा व्यवहार असाच चालतो. कमाई आहे, पुरावा नाही. त्या पुराव्याच्या अभावाची किंमत दर महिन्याला मोजावी लागते. म्हणून घराचा विचार असणाऱ्या दुकानदाराला माझं कळकळीचं सांगणं आहे की दोन-तीन वर्षं आधीपासून रिटर्न भरा, आणि प्लॉटचा इसार देण्याआधी तो अकृषिक असल्याचा कागद आणि मंजूर नकाशा पाहा.

आणखी एक फसगत इथं दिसली. ‘दहा टक्के फ्लॅट’ असं सांगून दिलेलं कर्ज. पाच लाखांवर पाच वर्षं सरळ दहा टक्के, म्हणजे अडीच लाख व्याज, हप्ता साडेबारा हजार. ऐकायला स्वच्छ वाटतं. पण मुद्दल दर महिन्याला कमी होत असताना व्याज मात्र पहिल्या दिवसाच्या पाच लाखांवरच चालू राहतं. घटत्या शिलकीच्या हिशेबानं तो दर सतरा टक्क्यांच्या वर जातो.

हप्ता तोच, मुदत लांब

ही गोष्ट माझ्या ओळखीतल्या कितीतरी घरांत २०२२-२३ मध्ये घडली आणि बहुतेकांना ती कळलीच नाही.

मे २०२० पासून दोन वर्षं रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दरानं बँकांना उसने पैसे देते तो, ४ टक्के होता. त्या काळात घरकर्ज पावणेसात टक्क्यांच्या खाली मिळत होतं. मे २०२२ पासून दर चढू लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहावर पोचला. अडीच टक्क्यांची वाढ. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची घरकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला जोडलेली असल्यामुळे ती वाढ थेट कर्जदारावर आली.

समजा कुणी २० लाख ६.७ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले. हप्ता १५,१४८. वर्षभरानं बाकी साडेएकोणीस लाख. हिशेब सोपा राहावा म्हणून सगळी वाढ एकदम धरू, दर ९.२ झाला. आता महिन्याचं व्याजच १४,९५६. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जातात १९२ रुपये. या गतीनं कर्ज फिटायला ५७२ हप्ते, म्हणजे ४७ वर्षं ८ महिने लागतील. खात्यातून दर महिन्याला पूर्वीइतकीच रक्कम कटते, म्हणून माणूस निर्धास्त असतो. आत मुदत रबरासारखी ताणली गेलेली असते.

रिझर्व्ह बँकेनं १८ ऑगस्ट २०२३ ला परिपत्रक काढून हे रोखलं. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, ही निवड कर्जदाराला विचारून करायची. हप्त्यातून व्याजही सुटत नाही अशी वेळ येऊ द्यायची नाही. उरलेले हप्ते, आतापर्यंत फिटलेलं मुद्दल आणि व्याज दर तिमाहीला कळवायचं. हा नियम चांगला आहे. पण विचारणा येते ती मोबाईलवर, इंग्रजी मेसेजमध्ये, लॉटरीच्या आणि रिचार्जच्या मेसेजांच्या गर्दीत.

मग उलटं झालं. फेब्रुवारी ते जून २०२५ मध्ये रेपो साडेसहावरून साडेपाचवर आला. सरांच्या बँकेचं ॲप आम्ही उघडलं. दर साडेसात झाला होता आणि हप्ता तोच होता. त्यामुळे नऊ हप्ते भरून १९७ उरले होते. २४० चे २०६ झाले होते. चौतीस महिने आपोआप गळाले आणि घरात कुणालाच पत्ता नव्हता. दर उतरल्यावर ‘हप्ता कमी करून द्या’ म्हणून बँकेत जाणारे पुष्कळ असतात. खिशाला झेपत असेल तर तसं करू नये.

मी स्वतः हे महागात शिकले आहे. काही वर्षांपूर्वी एक लाख रुपये जमवून माझ्या कर्जात भरले. अर्जावर ‘हप्ता कमी’ आणि ‘मुदत कमी’ असे दोन चौकोन होते. मी दोन्ही रिकामे सोडले. बँकेनं हप्ता कमी केला. पुढच्या महिन्यात कमी रक्कम कटलेली पाहून मला आनंदच झाला. मुदत तसूभरही हलली नव्हती, हे दीड वर्षानं कळलं.

कापसाच्या गावात महिन्याचा हप्ता

घरकर्जाची सारी रचना पगारदाराच्या आयुष्यावर बेतलेली आहे, दर महिन्याला सारखी रक्कम. दिग्रसचं आयुष्य तसं नाही. इथं पैसा दिवाळीनंतर येतो, सोयाबीनचा आधी आणि कापसाचा मागून, फेब्रुवारी-मार्चपर्यंत. मग उन्हाळा कोरडा. जूनमध्ये बियाणं-खताला उलट घालायचा. ज्याचा पगार नाही त्याचा जुलै-ऑगस्टचा हप्ता उधारीवर निघतो, कधी दागिना गहाण ठेवून निघतो. २०२५ च्या ऑगस्ट-सप्टेंबरच्या पावसानं यवतमाळ जिल्ह्यात सोयाबीन आणि कपाशी दोन्ही झोडपली. किराणावाल्या भाऊंची उधारीची वही त्यामुळे फुगली होती, आणि त्यांचा हप्ता त्या वहीतूनच निघायचा होता. सलग ९० दिवस थकलं की खातं बुडीत धरलं जातं. पुढं साठ दिवसांची नोटीस आणि घराचा ताबा, असा २००२ च्या सरफेसी कायद्याचा रस्ता आहे. अडचण दिसताच, नव्वद दिवसांच्या आत, शाखेत जाऊन लेखी सांगितलेलं बरं.

पण हंगामी पैशात एक ताकदही आहे, ती म्हणजे एकगठ्ठा रक्कम. बदलत्या दराच्या वैयक्तिक घरकर्जात मुदतीपूर्वी पैसे भरल्यास बँकांनी दंड घेऊ नये, हा नियम २०१२ पासून आहे. सरांच्या जानेवारीच्या तक्त्यावरच हिशेब केला. दर वर्षी चुकाऱ्याच्या वेळी फक्त एक हप्ता जादा भरला तर वीस वर्षांचं कर्ज सोळा वर्षं आठ महिन्यांत संपतं आणि चार लाखांहून जास्त व्याज वाचतं. सुरुवातीच्या वर्षांत भरलेला रुपया सर्वांत जास्त कामाचा. अठराव्या वर्षी भरून फारसं काही हाती लागत नाही.

बाकीचे खर्च लहान वाटतात म्हणून निसटतात. कर्जाबरोबर गळ्यात घातलेला विमा बघा. ६० हजारांचा एकरकमी हप्ता रोख न देता कर्जातच मिळवला की साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांत तो सव्वा लाखाला पडतो. विमा असावा, पण वेगळा, वर्षाच्या वर्षाला भरायचा मुदत विमा. नव्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजाची दोन लाखांची वजावट मिळत नाही, तेव्हा ‘टॅक्स वाचतो’ म्हणून कर्ज लांबवण्याचं कारणही उरलेलं नाही. पंतप्रधान आवास योजनेच्या दुसऱ्या टप्प्यात शहरी भागात व्याज सवलत आहे, जास्तीत जास्त १ लाख ८० हजार, पाच वार्षिक हप्त्यांत. त्यासाठी कुटुंबाचं उत्पन्न नऊ लाखांपर्यंत, कर्ज २५ लाखांपर्यंत आणि घर ३५ लाखांपर्यंतचं असावं लागतं. पात्र असाल तर अर्ज जरूर करावा.

मग घेऊच नये का?

सरांनी हे विचारलं तेव्हा त्यांचा चेहरा पडला होता. मी सांगितलं, घेतलं ते बरं केलं. कर्जाशिवाय सत्तावीस लाख साठेपर्यंत मुलीचं लग्नाचं वय झालं असतं. दहा वर्षांनी पगार वाढलेला असेल आणि हेच सतरा हजार आजच्याइतके जड वाटणार नाहीत, हेही खरं. पण पुण्या-मुंबईच्या लोकांची जी समजूत असते, व्याज गेलं तरी घराची किंमत दुप्पट-तिप्पट होते, ती तालुक्याच्या गावाला तशीच लावता येत नाही. इथं घर पुन्हा विकण्यासाठी कुणी घेत नाही, आणि विकायला काढलं तर रोख देणारं गिऱ्हाईक सहज मिळत नाही. हे राहण्याचं घर आहे. त्याचा परतावा म्हणजे डोक्यावरचं छप्पर. म्हणूनच त्यावरचं व्याज कमीत कमी वर्षं चालावं.

शेवटचा हप्ता भरल्यावरही एक काम उरतं. मूळ खरेदीखत परत घ्यायचं आणि मालमत्तेच्या कागदावर चढलेला बँकेचा बोजा उतरवून घ्यायचा. कर्ज फिटल्यापासून तीस दिवसांत कागद परत द्यावे लागतात. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई, असा रिझर्व्ह बँकेचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. नोंदवलेला बोजाही बँकेनं त्याच मुदतीत काढायचा असतो, पण त्याचा पाठपुरावा ज्यानं त्यानं करावा. तो न उतरवल्यामुळे वारसांच्या वेळी अडलेली घरं या फिरण्यात दोन भेटली.

निघण्याआधी ताईंनी सांगितलं, शिलाईचे आणि भिशीचे मिळून पन्नास हजार जमले आहेत, दिवाळीला सोफा घ्यायचं ठरत होतं. मी त्यावर काही म्हटलं नाही. आठवड्यानं सरांचा फोन आला. पैसे कर्जात भरले होते आणि अर्जावर ‘मुदत कमी’ या चौकोनात खूण केली होती. ॲपवर उरलेले हप्ते १९७ चे १८८ झाले होते.